ऊन लागलेली पोर

“हिला ऊन लागलंय.”

इमरान हे त्याच्या मित्राला म्हणाला, अगदी हळू, माझ्याकडे पाठ करून. पण सुट्टीत कॉलेजची लॅब इतकी सुनी असते की पंख्याच्या घरघरीखालूनही कुजबुज ऐकू येते. मी गळ्याभोवतीची ओढणी सैल केली. जळगावात मे महिन्याच्या दुपारी चालत आलेल्या कुठल्याही मुलीबद्दल कुणीही हेच म्हणेल. चेहरा तापला होता, ओठ सुकले होते. मला काही झालेलं नाही, असं सांगणारं वाक्य मी मनात जुळवलं, आधी इंग्रजीत, मग मराठीत. नेहमीप्रमाणे ते दोन्ही भाषांत घशाशीच थांबलं.

मग त्याचा मित्र म्हणाला, “चिप कसली, बिबडी झाली तिची पार.” दोघं टेबलावर वाकले, तेव्हा कळलं की ते माझ्याबद्दल बोलत नव्हते.

इमरान माझ्या मैत्रिणीचा भाऊ, इलेक्ट्रॉनिक्सच्या शेवटच्या वर्षाला. त्याच्या वडिलांचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान आहे. लोक दुरुस्तीला टाकून गेलेल्या आणि परत न्यायला न आलेल्या गेमच्या कॅसेटी त्याने तिथून उचलायला सुरुवात केली आणि त्याचं पुढे वेड झालं. टीव्हीला जोडायच्या गेममध्ये खोचतात त्या तळव्याएवढ्या प्लास्टिकच्या डबीला आम्ही सगळे कॅसेटच म्हणायचो, आत फीत नसली तरी. आता पाचोऱ्याहून, सावद्याहून लोक त्याला पिशव्या भरभरून पाठवतात. घरातली मुलं मोठी झाली, टीव्ही बदलले, माळ्यावरचं सामान खाली आलं. तो एकेक कॅसेट उघडतो, आतली चिप यंत्रावर बसवून तिच्यात भरलेलं सगळं कॉम्प्युटरवर उतरवून घेतो आणि फ्लॉपीवर ठेवतो. “कॅसेट तर मरणारच, ताई,” तो पहिल्या भेटीत मला म्हणाला होता, “आत जे आहे त्याने का मरावं?”

म्हणून मी त्याला काकूची कॅसेट दिली होती.

पडद्यावर ओळीमागून ओळ एकच अक्षरजोडी उमटलेली होती. एफ एफ, एफ एफ, एफ एफ. शाळेत एखाद्या मुलीला शिक्षा म्हणून लिहायला लावावं तशी.

“कोरी चिप अशी दिसते,” इमरान माझ्याकडे वळून म्हणाला. “यात दोन चिपा आहेत. एक कंपनीची. तिच्यात गेम कसा चालायचा ते आहे, ती ठणठणीत आहे. दुसरी चित्रांची. ती कुणीतरी काढून तिथे आपली बसवलीय, हाताने भरलेली. हिच्या अंगावर ही काचेची खिडकी दिसते ना? पुसून परत भरायची असली की इथून जांभळा प्रकाश सोडतात. एरवी हिच्यावर काळा कागद चिकटवलेला असतो. इथे कागदच नाही. आणि दिवाच लागतो असं नाही, ऊनही पुरतं. पण एका दिवसाच्या उन्हाने होत नाही हे. भरपूर ऊन खाल्लंय हिने. कुठे ठेवलेली असायची?”

“घरी,” मी म्हटलं.

धुळ्याच्या गच्चीवर काकू जुनं नऊवारी पातळ अंथरते. कोपऱ्यांवर विटा ठेवते, कारण धुळ्यातलं वारं हलकं काही जागेवर राहू देत नाही. मग एकेक वस्तू येते. तुरीची डाळ, लाल मिरच्या, गोधड्या, हिवाळ्यातले स्वेटर. ज्वारीच्या पांढऱ्या, पापडासारख्या बिबड्या, ज्यांचा आंबूस ओला वास दुपारपर्यंत कोरडा होत जातो. आणि एका बाजूला, वेगळ्या सुपात, नानाकाकांच्या वस्तू. चष्मा, रेडिओ, लाकडी मुठीचं सोल्डरिंगचं अवजार, आणि डबीतून बाहेर काढलेली, उघडीवाघडी, हिरव्या पाटीसारखी ती कॅसेट. उन्हाळाभर रोज, गेली कित्येक वर्षं.

“ऊन दाखाडं का चीज टिकस,” काकू म्हणते. ऊन दाखवलं की वस्तू टिकते. आमच्या भागात हे कुणी कुणाला शिकवत नाही, इतकं ते सगळ्यांना माहीत असतं.

गेल्या रविवारी मी धुळ्याला गेले होते तेव्हा तिने ती कॅसेट एका स्वच्छ रुमालात बांधून माझ्या हातात दिली. गेमचं यंत्र बिघडून कधीच भंगारात गेलं होतं. इमरानबद्दल मी सहज सांगितलं होतं, ते तिने लक्षात ठेवलं. “त्या पोऱ्याले सांग, मनी पोर काढी दे म्हना फोटोसारखी,” ती म्हणाली. माझी पोर तेवढी काढून दे म्हणावं, फोटोसारखी. आणि मग, जणू मोठं काम सांगून टाकावं तसं, “तो चिकट काया कागद व्हता ना त्यावर, तो मी पहिलाच साली काढी टाका. काच पुसी लिधी. खिडकी शे तर आत ऊन जावाले नको?”

काळा कागद तिने पहिल्याच वर्षी काढून टाकला होता; खिडकी आहे तर आत ऊन जायला नको? मी मान डोलावली होती. मला तेव्हा त्यात काहीच खटकलं नव्हतं.

ती पोर म्हणजे कोण, हे सांगायचं तर मला धुळ्याच्या घरात परत जावं लागेल, आणि त्या घराचा खालचा मजला आता आमचा नाही.

आम्ही खाली राहायचो, नानाकाका आणि काकू वर. नाना माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ. आयटीआयमध्ये इलेक्ट्रॉनिक्स शिकवायचे. वरच्या खोलीत शिरलं की आधी वास यायचा. वितळलेल्या सोल्डरचा, राळेचा, तापलेल्या धुळीचा, आणि त्यात पलीकडून काकूच्या फोडणीतल्या मिरचीचा. अजूनही कुठल्या दुकानात तो राळेचा धूर आला की मी दोन पावलं थांबते. नाना एका डोळ्याने तारेकडे आणि दुसऱ्याने आमच्याकडे बघत असल्यासारखे वाटायचे. त्यांना गप्प काम करता येत नसे. ते तारांशी बोलायचे, पंख्याशी बोलायचे, लाइट गेली की लाइटशी भांडायचे.

मी बोलत नसे. धुळ्यात तेव्हा नवीन निघालेल्या इंग्रजी शाळेत मला घातलं होतं. तिथे मराठी शब्द तोंडातून गेला की बाई बाकावर उभं करायच्या. घरी आणि गल्लीत अहिराणी. ती मला सगळी कळायची, कानात भरलेली होती, पण मी एकदा काही बोलायला गेले तर शिंदखेड्याहून आलेले चुलतभाऊ पोट धरून हसले. “इंग्रजी मडम अहिराणी बोलस रे,” असं त्यातला एक मडमेच्या आवाजात म्हणाला. तेव्हापासून मी ती फक्त ऐकते. एकीकडच्या शिक्षेपासून आणि दुसरीकडच्या हशापासून लांब राहायचं तर मध्ये गप्प बसणं सोयीचं पडतं, आणि एकदा ती सवय लागली की लोक तिला स्वभाव म्हणतात.

नव्वदीची ती सुरुवातीची वर्षं. नानांनी कुठूनतरी तो टीव्हीवर खेळायचा गेम आणला. बेढब पांढरं यंत्र, वेटोळ्यांच्या वायरीच्या दोन बटणपाट्या, आणि एक कॅसेट. तीत हेल्मेट घातलेला एक माणूस उड्या मारत पळायचा, गोळे गोळा करायचा आणि खड्ड्यात पडायचा. गल्लीतली मुलं दाटीवाटीने बसायची. कॅसेट लागली नाही की तिच्या तोंडात फुंकर मारायची. ज्याची फुंकर लागू पडे त्याचा त्या दिवशी मान असे. मी मागे, दाराच्या चौकटीला टेकून. माझ्यामागे काकू, हाताला पीठ.

“तू काबर खेयस नही वं?” नानांनी एकदा सगळे गेल्यावर विचारलं.

मी खांदे उडवले.

“तो टोपीवाला आवडस नही तुले,” त्यांनी स्वतःच उत्तर दिलं. “मालेबी नही आवडस. त्याले काढू आपण.”

ही गोष्ट त्यांनी किती सहज म्हटली. जणू गेममधला माणूस काढणं म्हणजे फळीवरचा डबा काढणं.

मग आमचे ते दिवस सुरू झाले. त्यांनी मला समजावलं की पडद्यावरचं प्रत्येक चित्र लहान लहान चौकोनांचं असतं आणि प्रत्येक चौकोनात आठ ओळी, आठ रकाने. आलेखाच्या कागदावर पेन्सिलीने ठिपके भरायचे. चित्रं नाना काढणार आणि अक्षरं मी. “तुनं अक्षर चांगलं शे,” ते म्हणाले. बोलत नसलेल्या मुलीला दिलेलं ते काम होतं, हे मला खूप पुढे लक्षात आलं.

इंग्रजी अक्षरांना गेममध्ये सव्वीस खण होते. आपली बाराखडी मांडायला बसलं तर ते तिसऱ्या अक्षरातच संपतात. म्हणून आधी वाक्यं ठरवायची, मग लागतील तेवढीच अक्षरं कोरायची. वरची एक ओळ शिरोरेषेला जाते. उरलेल्या सातांत सगळं अक्षर. ‘र’ बसतो. ‘स’ कसाबसा. हरल्यावर पडद्यावर ‘खेळ संपला’ यावं असं मी ठरवलं होतं, आणि ‘ळ’पाशी अडले. ते दोन वाटोळे काही केल्या सात ओळींत सुटे राहत नव्हते. शाईचा डाग पडावा तसं दिसायचं. मी खोडत होते, कागद खरवडून त्याला लव आली होती. नाना खांद्यावरून बघत होते.

“आपलाकडे ‘ळ’ शेच कोठे?” ते म्हणाले. “डोळा नही, डोया. केळं नही, केयं. लिख ‘खेय सरना’.”

मी त्यांच्याकडे बघितलं. बाकावर उभं करणाऱ्या बाईंना मराठीचं वावडं, आणि मराठीच्या पुस्तकाला या भाषेचं. तिच्यात लिहायचं असतं हे मला माहीत नव्हतं. मी ‘य’ काढला. तो पहिल्या फटक्यात बसला. जणू ती जागा त्याचीच होती.

सुरू करताना ‘चाल वं’. हरल्यावर ‘खेय सरना’. आणि एका टप्प्यातलं सगळं गोळा झालं की ‘बठ्ठं शे’. सगळं आहे. मोजून बघितलं, काही राहिलं नाही, अशा अर्थाने काकू डब्यांवरून हात फिरवत म्हणायची तसं. पण ‘ठ्ठ’ने आमचा जीव काढला. एकाच्या डोक्यावर दुसरा ठ. शेवटी नानांनी त्याला वरचा एक आणि खालचा एक असे दोन खण दिले. “दुमजली शे ते,” ते म्हणाले. “आपला घरसारखं.”

चिप भरायचं यंत्र फैजपूरला त्यांच्या एका ओळखीच्या माणसाकडे होतं. नाना रविवारी पहाटे एसटीने निघायचे, संध्याकाळी केळीच्या घडासह परत यायचे. शर्टाच्या खिशात, कापसात गुंडाळलेली चिप. पहिल्यांदा आली तेव्हा सगळं उलटं भरलं गेलं होतं, डावं उजवीकडे आणि उजवं डावीकडे. माझी अक्षरं आरशात पाहिल्यासारखी, आणि नानांनी काढलेल्या मुलीचे पाय मागे वळलेले. काकू पिठाचे हात तसेच घेऊन आली, पडद्याकडे पाहून दचकली. “पाय उलटा शेतस हिना. भूत शे का काय?” नाना इतके हसले की त्यांना ठसका लागला. पुढच्या रविवारी परत फैजपूर. परत केळी. त्या महिन्यांत घरात केळ्यांचा इतका वास भरला होता की वह्यासुद्धा केळ्यासारख्या वाटायच्या.

आणि मग ती नीट आली. हेल्मेटवाल्याच्या जागी एक मुलगी. दोन वेण्या, लाल परकर. गोळ्यांच्या जागी केळी. उडी मारली की वेण्या वर जायच्या. हे नानांनी कसं साधलं होतं कोण जाणे. त्यांनी ती माझ्याकडे बघून काढली होती म्हणतात. मला त्यांनी तो कागद कधी दाखवला नाही.

त्यांनी चिपेच्या काचेवर काळा कागद चिकटवला. “हाई खिडकी बंद ठेवानी, नहीतर पोर उडी जाई,” ते म्हणाले. खिडकी बंद ठेवायची, नाहीतर पोर उडून जाईल. ते नेहमीच असं काहीबाही म्हणायचे. “बिगर खिडकीनं घर ऱ्हास का कधी?” काकूने विचारलं. बिनखिडकीचं घर असतं का कधी! आम्ही तिघंही हसलो.

ती मुलगी काकूची झाली. तिने बटणाला कधी हात लावला नाही. पण मी खेळायला बसले की ती कामं टाकून मागे बसायची, आणि खड्डा जवळ आला की तिचा हात माझ्या पाठीवर यायचा. “हयू, पडी जाशी माय.” हळू, पडशील बाई. हे ती मला म्हणत नसे. पडद्यावरच्या मुलीला म्हणायची. ती पडली तर काकू चुकचुकायची, पदराला हात पुसायची. सगळं गोळा झालं आणि ती तीन सुरांची धून वाजून ‘बठ्ठं शे’ उमटलं की ती ते मोठ्याने वाचायची. काकूला वाचायला वेळ लागायचा. बोट पडद्यापासून थोडं लांब धरून, एकेक अक्षर. मी काढलेली अक्षरं कुणीतरी असं बोटाने वाचत होतं आणि मी काहीही न बोलता ऐकत होते. मला वाटतं त्या घरात मी सगळ्यात जास्त तेव्हाच बोलले.

नाना आणि काकूला मूल नव्हतं. याबद्दल घरात कुणी काही म्हटलेलं मला आठवत नाही. गल्लीत म्हणायचे.

ऋतू मला अजून त्या खोलीवरूनच आठवतात. उन्हाळ्यात यंत्र इतकं तापायचं की काकू त्याच्यावर ओलं फडकं टाकायला धावायची आणि नाना तिला अडवायचे. पावसाळ्यात पडद्यावर मुंग्या, आणि पांझरेला पूर आला म्हणून बघायला गेलेली गल्ली. थंडीत शेकोटीचा धूर जिन्यातून वर यायचा, बटणपाटीवरची बोटं गार पडायची. लाइट गेली की मुलगी ज्या उडीत असेल त्या उडीतच नाहीशी व्हायची. नाना अंधारात म्हणायचे, “ऱ्हाऊ दे, ती उतरी जाई बराबर.”

एका वर्षी दिवाळीचे दिवे काढून ठेवले आणि नाना नव्हते. मला त्यातलं फारसं आठवत नाही. जिन्यात खूप चपला होत्या. त्यांच्या टेबलावर सोल्डरची तार तशीच अर्धी उलगडलेली होती, आणि बरेच दिवस कुणी तिला हात लावला नाही.

नंतर वडिलांची बदली जळगावला झाली. आलेखाचे कागद काकूने बिबड्यांच्या डब्यात तळाशी घातले होते. तेलकट झाल्यावर ते कधीतरी टाकले गेले. कागद कशाला जपायचे, सगळं तर कॅसेटमध्ये होतं.

लॅबमध्ये इमरानने चिप परत कॅसेटमध्ये बसवली. त्याच्याकडे जुनं यंत्र होतं, टीव्हीही. “लावून बघायचं का?” त्याने विचारलं. “चित्रं नसतील. पण कंपनीची चिप चालू आहे, गेम आत चालेल.”

मी स्टूल पुढे ओढलं.

पडदा उजळला. आकाश, जमीन, झाडं, सगळं एका मातकट रंगाच्या सपाट पट्ट्यांत विरलेलं. वैशाखात दुपारी शिवाराकडे डोळे बारीक करून पाहिलं तर दिसतं तसं. जिथे ‘चाल वं’ यायचं तिथे भरीव पांढरी पट्टी. आणि त्या मातकट रंगावर एक लाल ठोकळा. वेण्या नव्हत्या, परकर नव्हता, पाय नव्हते.

मी बटण दाबलं. ठोकळा उडाला आणि उडीचा तोच आवाज आला, शिट्टी अर्धवट गिळावी तसा.

मला वाटलं होतं की मी विसरले असेन. पण बोटांना ठाऊक होतं. खड्डा दिसत नव्हता आणि बोटं खड्ड्याच्या अलीकडे थांबत होती. इथे दोन पावलं, इथे लांब उडी, इथे वाट बघायची. प्रत्येक न दिसणाऱ्या केळ्यापाशी तो बारीक टणत्कार होत होता. इमरानचा मित्र विनोद करायचा थांबला होता. माझ्या पाठीवर, ओढणीच्या खाली, हाताच्या पंजाएवढी जागा गरम झाली होती, आणि तिथे कुणी नव्हतं.

पहिला टप्पा संपला. तीन सुरांची धून वाजली. पडद्याच्या मध्यावर एक पांढरी पट्टी उमटली आणि पुसली गेली.

“ओ तेरी,” इमरानचा मित्र हळूच म्हणाला. “न बघता?”

इमरानने यंत्रातून कॅसेट बाहेर काढली. मग म्हणाला, “ताई, एक करता येईल. या गेमची साधी कॅसेट माझ्याकडे आहे. तीतली चित्रं हिच्यात भरून देतो. तुमच्या काकूंना सांगा, झाली दुरुस्त.”

“तिला कळेल,” मी म्हटलं.

“मग मूळचे कागद? काढलेले असतील ना कुणीतरी?”

“अक्षरं मी काढली होती.”

“मग झालंच की. पुन्हा काढा. मी भरतो.”

“अक्षरं मी काढली होती,” मी परत म्हटलं. चित्रं नानांची होती, हे त्यापुढचं वाक्य बोलता आलं नाही. त्याने ते ओळखलं असावं, कारण त्याने कॅसेट त्याच रुमालात बांधून दिली. फक्त बांधण्याआधी काचेवर काळ्या चिकटपट्टीचा एक तुकडा लावला. सवयीने लावला असेल.

धुळ्याची एसटी एरंडोलला थांबली, मग पारोळ्याला. खिडकीच्या काचा तापून हात लावू देत नव्हत्या. मी बसल्या जागी डोळे मिटून चौकोन भरत होते. ‘शे’ जमला. ‘ब’ जमला. ‘ठ्ठ’चे दोन्ही मजले जमले. मग मी ती मुलगी काढायला घेतली. वेणीला किती ठिपके होते? डोळा एक ठिपका होता की दोन? परकराची खालची ओळ सरळ होती, की उडीत कलायची? त्या मुलीला मी इतकी वर्षं पळवलं, पाडलं, उठवलं, आणि तिच्याकडे नीट पाहिलं मात्र फक्त नानांनी. मी डोळे उघडले तेव्हा बाहेर नांगरून ठेवलेली काळी शेतं मागे जात होती, त्यांवर ऊन भाजत पडलं होतं. आमच्याकडे त्याला कुणी नावं ठेवत नाही. कपाशी फोडतं, मिरची वाळवतं, गोधडीतला ओलसर वास काढतं. काकूने नानांच्या वस्तूंना दुसरं काय दिलं असतं? तिच्याकडे जे सगळ्यात चांगलं होतं ते तिने दिलं. उन्हाळाभर, रोज, काच पुसून.

मी तिला खरं सांगितलं तर तिच्या हातून काय घडलं ते तिला कळेल. तो विचार मी पारोळ्यापासून धुळ्यापर्यंत पुढे ढकलत आणला. स्टँडवर उतरल्यावरही तो तसाच होता.

खालच्या मजल्यावर आता भाडेकरू आहेत. मी जिना चढले. राळेचा वास आता येत नाही, पण मी अजून शेवटच्या पायरीवर श्वास घेते. खोलीत कुणी नव्हतं. गच्चीचं दार उघडं होतं.

काकू पातळाच्या कडेला उकिडवी बसून बिबड्या उलटत होती. पदर डोक्यावरून पुढे ओढलेला. सुपात चष्मा, रेडिओ, सोल्डरचं अवजार. मध्ये एक जागा रिकामी ठेवलेली होती.

“उनी का वं माय? पानी पिधं का?” तिने वर न बघता विचारलं. मग बघितलं, आणि माझ्या हातातल्या रुमालाकडे बघितलं. हाताला लागलेलं पीठ तिने पदराला पुसलं. बराच वेळ पुसत राहिली.

मी रुमाल तिच्यासमोर ठेवला. तिने गाठ सोडली. ती हिरवी पाटी दोन्ही हातांत घेतली, उलटसुलट केली, आणि काचेवरची काळी पट्टी बघून तिच्या कपाळाला आठी पडली.

“हाई कोनी लाई?”

तिने नखाने पट्टीचं टोक उचललं आणि ती सोलून काढली. तोंडाजवळ धरून काचेवर वाफ सोडली, पदराच्या टोकाने पुसली, आणि कॅसेट सुपातल्या रिकाम्या जागी, खिडकी वर करून ठेवली. ऊन काचेतून आत गेलं. तळाशी चिपेचा बारीक रुपेरी चौकोन चमकला. मी तिला थांबवलं नाही. आता ऊन तिथून काहीच नेऊ शकणार नव्हतं.

“काय म्हनस तो पोऱ्या?” ती सुपाकडेच बघत म्हणाली. “शे ना ती आत? पयस ना?”

आहे ना ती, पळते ना. मला तो लाल ठोकळा दिसला, आणि न दिसणाऱ्या खड्ड्यावरून गेलेली उडी.

मी मान हलवली. तिला ते पुरलं नाही. तिने माझ्याकडे चेहरा वळवला. उन्हाने तिचे डोळे बारीक झाले होते आणि मला त्यांत काही वाचता आलं नाही. ती वाट बघत होती. माझ्या गप्प राहण्याची सवय असलेलं ते एकच माणूस होतं, आणि आज तेच वाट बघत होतं.

“बठ्ठं शे का वं?” तिने विचारलं.

ही भाषा मी आयुष्यात फक्त ठिपक्यांनी लिहिली होती. माझा आवाज तिच्यात कसा लागतो ते मलाही ठाऊक नव्हतं.

“बठ्ठं शे, काकू.”